भोंगा, काळाचा बाण आणि नारळीकर

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)



माझ्या लहानपणी आमच्या घरात घड्याळ नव्हते. सोलापुरातल्या गिरणी कामगाराच्या घरात त्याची गरजही नव्हती. पहाटे गिरणीचा भोंगा वाजला की अब्बा उठायचे, दुसरा भोंगा वाजला की डबा सायकलच्या हँडलला अडकवायचे. अम्मी गल्लीतल्या बायकांना सांगायची, ‘भोंगा हुआ, अब दूध आएगा.’ शाळेला निघायचे भोंग्यावर, भाकरी थापायची भोंग्यावर, भांडणे मिटायची तीही भोंग्यावरच. साऱ्या शहराची वेळ एका धुराड्याखाली बांधून ठेवली होती. पुढे एकेक करून गिरण्या बंद पडल्या आणि भोंगेही मुके झाले. अब्बांची गिरणी बंद झाल्यानंतर कितीतरी वर्षे ते त्याच वेळी पहाटे उठून बसत. मी विचारायचो, ‘अब्बा, आता कुठे जायचे आहे?’ ते म्हणायचे, ‘कुठे नाही रे. जाग आली.’

भोंगा थांबला, पण त्यांच्या शरीरातली वेळ थांबली नव्हती. वेळ म्हणजे नक्की काय, हा प्रश्न माझ्या मनात तेव्हा पहिल्यांदा आला. मी कलाशाखेचा बी.ए. झालेला माणूस. कविता लिहितो. गणिताशी माझे फारसे कधी जमले नाही. त्यामुळे या प्रश्नाचे उत्तर मी बरीच वर्षे कवितेत शोधत राहिलो. पण आयुष्यभर हाच प्रश्न गणिताच्या भाषेत विचारणारा एक माणूस आपल्याच महाराष्ट्रात होता, आपल्याच भाषेत लिहीत होता. आज त्यांच्याविषयी बोलायचे आहे. डॉ. जयंत विष्णु नारळीकर.

काळाचा अभ्यास करणारा शास्त्रज्ञ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे कथा-सिनेमातला माणूस येतो. विस्कटलेले केस, तळघरातली प्रयोगशाळा आणि कळ दाबली की भूतकाळात नेणारे यंत्र. खऱ्या शास्त्रज्ञाकडे असे यंत्र नसते. त्याच्याकडे असतो एक साधा, अगदी पोराटोरांना पडणारा प्रश्न आणि तो न सोडण्याचा हट्ट. नारळीकरांचा प्रश्न होता : काळ एकाच दिशेने का जातो?

प्रश्नाकडे जाण्यापूर्वी थोडे घरचे बोलतो. आपण हातावर जी वेळ बांधतो ती सोलापूरची नाही, हे किती जणांना ठाऊक आहे? भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावर ठरवली आहे. ती रेषा अलाहाबादजवळून, म्हणजे आजच्या प्रयागराजजवळून जाते. सोलापूर आहे सुमारे ७५.९ अंशांवर. पृथ्वीला एक अंश फिरायला चार मिनिटे लागतात. म्हणजे आपल्या सिद्धेश्वर मंदिराच्या डोक्यावर सूर्य बरोबर मध्यान्हीला येतो, तेव्हा घड्याळात सरासरी बारा वाजून सव्वीस मिनिटे झालेली असतात. देशभर ही एक वेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली. पण मुंबई हट्टी! तिने आपली जुनी वेळ, प्रमाणवेळेपेक्षा सुमारे ३९ मिनिटे मागची, १९५५ पर्यंत सोडली नाही. एकाच शहरात रेल्वेचे घड्याळ एक सांगे आणि गावाचे दुसरे.

रमजानमध्ये हा फरक आमच्या घरी दरवर्षी कळतो. भिवंडीच्या नातेवाइकांचा संध्याकाळी फोन येतो, तेव्हा आमचा रोजा सुटून खजुराच्या बिया ताटलीत पडलेल्या असतात आणि ते अजून मगरिबच्या अजानची वाट बघत असतात. सूर्य तोच, देश तोच, घड्याळही तेच. तरी फरक दहा-बारा मिनिटांचा. तेव्हा ‘आत्ता’ हा शब्द दिसतो तितका सरळ नाही, हे सोलापूर-भिवंडीच्या फोनवरही समजते.

आता नारळीकरांकडे वळू. त्यांचा जन्म १९ जुलै १९३८ रोजी कोल्हापुरात झाला. वडील विष्णु वासुदेव नारळीकर हे केंब्रिजला जाऊन रँग्लर झालेले गणिती. ते बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे विभागप्रमुख होते. आई सुमतीबाई संस्कृतच्या विदुषी. त्यामुळे मुलगा कोल्हापूरचा, पण बालपण बनारसचे. शाळा हिंदी माध्यमाची आणि घरची भाषा मराठी. त्यांच्या बालपणातली एक गोष्ट मला फार आवडते. घरी भिंतीवर फळे होते. त्यांचे मोरूमामा, म्हणजे मोरेश्वर हुजूरबाजार, शिकायला बहिणीकडे राहत होते. ते फळ्यावर एखादे अवघड गणित लिहून ठेवायचे आणि भाच्याला आव्हान द्यायचे. उत्तर सापडेपर्यंत फळा पुसायचा नाही. कोणी रागावत नसे, घाई करत नसे. प्रश्न भिंतीवर असायचा आणि मुलगा त्याच्या येता-जाता त्याच्याकडे बघायचा. मला वाटते, पुढच्या सगळ्या आयुष्याची रीत त्यांना त्या फळ्याने शिकवली.

१९५७ मध्ये बनारसहून बी.एस्सी. होऊन ते वडिलांच्याच वाटेने केंब्रिजला गेले. तिथे गणिताच्या परीक्षेत रँग्लर झाले आणि संशोधनासाठी त्यांना गुरू मिळाले फ्रेड हॉयल.

हे हॉयल म्हणजे मोठे अजब प्रकरण. विश्व एका महास्फोटातून निर्माण झाले, या कल्पनेला ‘बिग बँग’ हे नाव कोणी दिले ठाऊक आहे? ते नाव दिले हॉयल यांनी, १९४९ मध्ये, बीबीसीच्या एका रेडिओ भाषणात. आणि गंमत म्हणजे त्यांना ती कल्पना मान्यच नव्हती! विरोधकाने रेडिओवर सहज उच्चारलेला शब्द सिद्धांताला कायमचा चिकटला. रेडिओवर बोलताना जपून बोलावे, एवढा धडा मी त्यातून घेतला आहे.

हॉयल, बोंडी आणि गोल्ड यांनी १९४८ मध्ये वेगळा विचार मांडला होता. त्यांचे म्हणणे असे की विश्वाला सुरुवात नाही आणि शेवटही नाही. ते प्रसरण पावते हे खरे, पण मोकळ्या होणाऱ्या जागेत नवे द्रव्य अगदी हळूहळू निर्माण होत राहते, त्यामुळे विश्वाचे एकूण रूप सदैव सारखे राहते. याला स्थिर स्थिती सिद्धांत म्हणतात. एखाद्या मोठ्या एकत्र कुटुंबासारखे हे आहे. माणसे जातात, माणसे येतात, पण वाड्यात माणसांचा राबता तेवढाच.

१९६१ च्या सुरुवातीला केंब्रिजचेच मार्टिन राइल यांनी रेडिओ दुर्बिणीची निरीक्षणे मांडून सांगितले की हा सिद्धांत टिकत नाही. लंडनच्या रॉयल अॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या सभेत त्याला उत्तर द्यायचे होते. हॉयल यांना जाणे शक्य नव्हते. त्यांनी पाठवले आपल्या विद्यार्थ्याला, नारळीकरांना. संशोधनाला लागून वर्षही झाले नव्हते, वय बावीस. समोर बसलेली मंडळी म्हणजे त्या विषयातले मातब्बर. आपल्याकडे आखाड्यात नवख्या पोराला वस्तादाच्या जागी उतरवावे, तसा तो प्रसंग. पोराने आपली बाजू नीट मांडली.

आता मुख्य प्रश्न. काळ एकाच दिशेने का जातो?

तुम्ही सिद्धेश्वर तलावाच्या काठावर उभे आहात असे समजा. पाण्यात एक खडा टाका. लाटांची वर्तुळे खड्यापासून सुरू होतात आणि काठाकडे पसरत जातात. आता याच्या उलट कधी पाहिले आहे का? काठाकडून वर्तुळे निघाली, आत-आत आवळत गेली, मध्यभागी एकवटली आणि पाण्यातून खडा उसळून तुमच्या हातात आला! असे होत नाही. चित्रफीत उलटी फिरवली तरच दिसते. पण ज्या नियमांनी लाटा चालतात त्या नियमांना विचाराल, तर ते म्हणतात, दोन्ही प्रकार आम्हाला चालतात. नियमांत दिशा नाही. दिशा आपल्या जगात आहे.

प्रकाशाचेही असेच आहे. मॅक्सवेल यांची विद्युतचुंबकत्वाची समीकरणे सोडवली की दोन उत्तरे येतात. एकात दिवा लावल्यानंतर प्रकाश पोहोचतो. दुसऱ्यात प्रकाश आधी पोहोचतो आणि दिवा नंतर लागतो. आपण दुसरे उत्तर कागदावरच खोडून टाकतो, कारण तसे कधी घडत नाही. पण ‘घडत नाही’ हे काही कारण झाले नाही. का घडत नाही?

जॉन व्हीलर आणि रिचर्ड फाइनमन या अमेरिकी शास्त्रज्ञांनी १९४५ मध्ये एक चक्रावून टाकणारे उत्तर दिले. ते म्हणाले, दोन्ही उत्तरे खरी आहेत. दिवा लागतो तेव्हा अर्ध्या लाटा भविष्याकडे जातात आणि अर्ध्या भूतकाळाकडे. पण भविष्याकडे गेलेली लाट कुठे ना कुठे, आज नाही तर कोट्यवधी वर्षांनी, कुठल्या तरी द्रव्यात शोषली जाते. ते शोषणारे द्रव्य प्रतिसाद देते आणि तो प्रतिसाद काळातून मागे येतो. साऱ्या विश्वाचा हा प्रतिसाद एकत्र केला, की भूतकाळाकडे जाणारी लाट बरोबर पुसली जाते आणि भविष्याकडे जाणारी दुप्पट होऊन पूर्ण होते. म्हणून आपल्याला फक्त सरळ क्रम दिसतो. सोप्या शब्दांत, तुमच्या देव्हाऱ्यातली समई किंवा आमच्या दर्ग्यातला चिराग नीट जळतो आहे, कारण दूरच्या भविष्यातले सारे विश्व त्याला ‘पोहोचला’ म्हणून पोच देत आहे. कवीला हे ऐकून काय वाटते ते मी वेगळे सांगायला नको.

पण या विचारात एक उणीव होती. विश्व जर जागच्या जागी स्थिर असेल, तर हेच गणित उलट दिशेनेही तितकेच बरोबर ठरते. मग आपल्या जगाने सरळ दिशाच का निवडली? १९६२ मध्ये हॉगार्थ यांनी आणि त्यानंतर हॉयल-नारळीकर यांनी दाखवले की इथे विश्वाचे प्रसरण महत्त्वाचे ठरते. प्रसरणामुळे भूतकाळ आणि भविष्यकाळ सारखे राहत नाहीत. सतत विरळ होत जाणाऱ्या विश्वात पुढे गेलेल्या प्रकाशाला पुरेसे शोषणारे द्रव्यच भेटणार नाही, म्हणजे पोच अपुरी येणार आणि उत्तर चुकणार. पण स्थिर स्थितीच्या विश्वात नवे द्रव्य निर्माण होत असल्यामुळे प्रकाश कधी ना कधी कुठेतरी विसावणारच. तिथे उत्तर बरोबर येते : आधी दिवा, मग उजेड. या जोडीने पुढे १९६४ मध्ये गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धांत मांडला आणि नारळीकरांचे नाव भारतातल्या घराघरांत पोहोचले. १९६५ मध्ये, वयाच्या अवघ्या सव्विसाव्या वर्षी, त्यांना पद्मभूषण मिळाले.

इथे गोष्ट संपली असती तर ती यशाची गोष्ट झाली असती. पण काळाने त्यांच्या बाजूने कौल दिला नाही. १९६४ च्या जून महिन्यात रॉयल सोसायटीत हॉयल हा नवा सिद्धांत सांगत असताना एक तरुण उभा राहिला आणि म्हणाला की तुमच्या समीकरणातली एक राशी अनंत होते. त्या तरुणाचा पीएच.डी.चा प्रबंधही तेव्हा पूर्ण व्हायचा होता. त्याचे नाव स्टीफन हॉकिंग. आणि १९६५ मध्ये पेन्झियास व विल्सन यांनी आकाशाच्या सर्व दिशांनी येणारे मंद सूक्ष्मलहरी प्रारण शोधल्याचे जाहीर केले. महास्फोटाची ऊब अजून विश्वात शिल्लक आहे, असा बहुतेकांनी त्याचा अर्थ लावला. जाणकारांचा मोठा गट महास्फोटाकडे गेला आणि आजही तिथेच आहे. काळाच्या दिशेचे स्पष्टीकरणही आज बहुतेक शास्त्रज्ञ वेगळे देतात. कपबशी फुटते, पण तुकडे जुळून कप होत नाही. कारण नीटनेटके असण्याचे मार्ग थोडे आणि विस्कटण्याचे मार्ग अगणित. विश्व सुरुवातीला विलक्षण नीटनेटके होते आणि तेव्हापासून ते विस्कटत चालले आहे, तीच काळाची दिशा, असे ते सांगतात. मग सुरुवातीला ते तसे नीटनेटके का होते, हा प्रश्न मात्र उरतोच.

नारळीकर अल्पमतात राहिले. हॉयल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासह त्यांनी १९९३ मध्ये जुन्या सिद्धांतात सुधारणा करून तो पुन्हा मांडला. बहुतेकांनी तो स्वीकारला नाही. तरी त्यांनी आवाज चढवला नाही, रुसले नाहीत. महास्फोटाच्या सिद्धांतात कुठे-कुठे प्रश्न शिल्लक आहेत, ते शांतपणे दाखवत राहिले. एखाद्या गोष्टीवर सर्वांचे एकमत झाले, एवढ्यावरून ती तपासणे थांबवू नये, ही त्यांची भूमिका. मी अल्पसंख्याक समाजातला, मराठीत लिहिणारा माणूस. अल्पमतात उभे राहणे म्हणजे काय, ते मला थोडे कळते. दोन मोह होतात : गप्प बसण्याचा आणि ओरडण्याचा. तिसरी वाटही आहे, पुरावा हातात घेऊन सावकाश बोलत राहण्याची. ती मला या माणसात दिसली.

१९७२ मध्ये ते केंब्रिज सोडून भारतात आले, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत. १९८८ मध्ये पुण्यात ‘आयुका’ उभी राहिली तेव्हा तिचे संस्थापक संचालक झाले आणि २००३ पर्यंत ती जबाबदारी सांभाळली. देशभरातल्या विद्यापीठांतल्या मुलांना खगोलशास्त्र शिकता यावे म्हणून ही संस्था. शाळकरी मुलांसाठी तिथे व्याख्याने असत. मुले सह्या मागायला गर्दी करीत. ते म्हणायचे, सही आत्ता नाही. मला पोस्टकार्डावर एक प्रश्न लिहून पाठव, उत्तराखाली माझी सही असेल. बघा, मोरूमामांचा फळा इथे पोस्टकार्ड झाला होता.

आता त्यांच्या कथांकडे येतो, कारण माझी त्यांच्याशी ओळख तिथेच झाली. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेने विज्ञानकथा स्पर्धा घेतली. तिच्यात ‘कृष्णविवर’ नावाची एक कथा पहिली आली. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. आद्याक्षरे उलटी वाचा : ज. वि. ना. आपल्या नावामुळे बक्षीस मिळू नये म्हणून त्यांनी टोपणनाव घेतले आणि अक्षर ओळखू येऊ नये म्हणून पत्नी मंगलाताईंकडून कथा लिहून घेतली. मंगलाताई स्वतः गणितज्ञ. कृष्णविवर म्हणजे जिथे गुरुत्वाकर्षण इतके जबर असते की प्रकाशही सुटत नाही. आइनस्टाइनच्या सिद्धांतानुसार त्याच्या जवळ घड्याळे संथ चालतात. ही केवळ कथा नाही बरे का. जिथे गुरुत्वाकर्षण जास्त तिथे वेळ संथ, जिथे कमी तिथे जलद. आपल्या मोबाइलला रस्ता दाखवणारे जीपीएसचे उपग्रह उंचावर असल्यामुळे त्यांची घड्याळे दिवसाला ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि वेगामुळे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात. हा ३८ मायक्रोसेकंदांचा हिशेब ठेवला नाही, तर एका दिवसात रस्ता दहा किलोमीटरच्या आसपास चुकेल. सात रस्त्यावर जायचे आणि पोहोचायचे गावाबाहेर!

त्यांचे गुरू हॉयल हेही कथाकार. त्यांच्या १९६६ च्या ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ या कादंबरीत पृथ्वीवर एकाच वेळी वेगवेगळे काळ अवतरतात. इंग्लंडमध्ये १९६६ साल, फ्रान्समध्ये पहिले महायुद्ध चालू आणि ग्रीसमध्ये प्राचीन काळ. सिंक्लेअर नावाचा शास्त्रज्ञ त्याचा उलगडा करू पाहतो आणि गोष्ट सांगतो त्याचा मित्र, एक संगीतकार. शास्त्रज्ञाच्या शेजारी कलावंत उभा केला, हे मला विशेष वाटते.

नारळीकरांची माझी सर्वांत आवडती कथा ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. गंगाधरपंत गायतोंडे हे पुण्याचे इतिहासाचे प्राध्यापक. रस्त्यात त्यांना ट्रकची धडक बसते आणि ते एका वेगळ्याच इतिहासात जागे होतात. तिथे १७६१ चे पानिपत मराठ्यांनी जिंकले आहे. का? तर विश्वासरावांना लागलेली गोळी तिथे कानाजवळून निसटून गेली. एका गोळीच्या दोन-चार अंगुळांनी देशाचा सारा इतिहास बदलला. कथेत राजेंद्र देशपांडे नावाचे मित्र पंतांना याचे शास्त्र समजावतात : सूक्ष्म कणांच्या जगात पुढे काय होईल ते ठाम सांगता येत नाही, फक्त शक्यता सांगता येतात. मग न घडलेल्या शक्यतांचेही जग कुठे असेल का?

ही कथा वाचताना मला दरवेळी इब्राहिमखान गारदी आठवतात. पानिपतावर मराठ्यांचा तोफखाना त्यांच्या हाताखाली होता. समोरच्या अब्दालीशी धर्माचे नाते होते, पण ते भाऊसाहेबांच्या बाजूने शेवटपर्यंत लढले, पकडले गेले आणि मारले गेले. ती गोळी निसटली असती, तर गारद्यांचे नाव आपल्या पोरांच्या तोंडी किती असते! अशा ‘जर-तर’च्या गोष्टी सोलापुरात घरोघरी आहेत. गिरण्या बंद पडल्या नसत्या तर? माझे थोरले भाऊ शिकले असते, अब्बांना उतारवयात बिड्यांच्या कारखान्याबाहेर पहारा करावा लागला नसता. प्रत्येक घराचे एक पानिपत असते. नारळीकरांनी मला एवढेच शिकवले की त्या ‘जर-तर’कडे हळहळ म्हणून बघू नये, शक्यता म्हणून बघावे.

अब्बांवरून आणखी एक गोष्ट सांगतो. त्यांची जन्मवेळ तर सोडाच, जन्मतारीखही कोणाला ठाऊक नव्हती. कागदावर होती १ जून, शाळेतल्या मास्तरांनी घातलेली. जन्मवेळेवर माणसाचे नशीब ठरते म्हणतात. मग अब्बांचे नशीब मास्तरांनी ठरवले म्हणायचे का? नारळीकरांनी या प्रश्नाची चेष्टा केली नाही, चाचणी घेतली. २००८ मध्ये त्यांनी सुधाकर कुंटे, नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे यांच्यासह शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या जन्मवेळा घेऊन दोनशे पत्रिका तयार केल्या. कोणती पत्रिका कोणत्या मुलाची, हे ज्योतिष्यांनी ओळखायचे. ५१ जणांनी तयारी दाखवली, २७ जणांनी उत्तरे पाठवली. बरोबर निघाले ४६ टक्के. नाणे उडवले असते तरी पन्नास टक्के बरोबर आले असते.

२०२१ च्या डिसेंबरात नाशिकला झालेल्या ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. प्रकृतीमुळे ते तिथे जाऊ शकले नाहीत. पण विज्ञान लिहिणाऱ्या माणसाला मराठीने आपल्या साहित्यात मानाची जागा दिली, याचा आम्हा कवींनाही आनंद झाला. १७ जुलै २०२३ रोजी मंगलाताई गेल्या. २० मे २०२५ रोजी पुण्यात, झोपेतच, नारळीकर गेले. वय ८६.

त्या रात्री मी गच्चीवर गेलो होतो. आकाश मोकळे होते. आपण जो तारा बघतो तो आत्ताचा नसतो, त्याच्यापासून कधीच निघालेला उजेड आपल्याला आज मिळतो, हे मी त्यांच्याच पुस्तकात वाचले होते. कुणाचा उजेड दहा वर्षांचा, कुणाचा हजार वर्षांचा, आणि आपल्या डोळ्यांत सगळे एकाच क्षणी उतरतात.

श्रोतेहो, शेवटी एक छोटा प्रयोग सांगतो. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात सोलापुरात सूर्य बरोबर डोक्यावर येतो. त्या दिवसांत घरातल्या मुलांना घेऊन अंगणात एक काठी उभी रोवा. साडेबाराच्या थोडे आधी काठीची सावली नाहीशी होईल. घड्याळ बारा का सांगत नाही, असे मुले विचारतील. उत्तर लगेच देऊ नका. प्रश्न भिंतीवर लिहून ठेवा आणि सापडेपर्यंत पुसू नका.